आवृत्तीचे नाव कोणासाठी?

विंडोज १० या संगणक-कार्यप्रणालीला सुरक्षेच्या दुरुस्त्या पुरविण्याची नियमित मुदत १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपली, हे वृत्त त्या वेळी सर्वत्र प्रसिद्ध झाले. वृत्त खरे होते, परंतु अपुरे होते. 'विंडोज १०' हेच नाव धारण करणाऱ्या आणि दीर्घ मुदतीच्या म्हणून मोठ्या संस्थांना विकल्या गेलेल्या काही आवृत्त्यांचे आयुष्य त्या दिवशी संपले नाही. त्यांपैकी जिच्यावर २०१९ हे साल लावलेले आहे तिची मुदत ९ जानेवारी २०२९ ही आहे. जिच्यावर २०२१ हे साल आहे तिची १२ जानेवारी २०२७. म्हणजे धाकटी आधी जाणार आणि थोरली मागे राहणार. यंत्रसामग्रीत बसविण्यासाठी दिल्या जाणाऱ्या २०२१ च्याच एका भावंडाला तर १३ जानेवारी २०३२ पर्यंतचे आयुष्य बहाल झालेले आहे. घरगुती ग्राहकाने स्वतंत्र नोंदणी केल्यास त्याला १३ ऑक्टोबर २०२६ पर्यंतची सवलत. एका नावाखाली निदान पाच मृत्युतिथी! एखाद्या शाळेच्या संगणककक्षात शेजारीशेजारी मांडलेल्या यंत्रांच्या पडद्यावर एकच चिन्ह आणि एकच नाव झळकत असताना, त्यांपैकी कोणते यंत्र उद्या असुरक्षित होणार, हे त्या नावावरून शिक्षकाला कळण्याचा काहीही मार्ग नाही.

नावाचे पहिले काम ओळख पटविणे हे असते. संगणकाच्या कार्यप्रणालींना, म्हणजे ज्यांना सर्वजण ऑपरेटिंग सिस्टीम म्हणतात त्यांना, जी नावे गेल्या चार दशकांत मिळाली त्यांतील बहुतेक नावांनी हे काम सोडून दिले आहे. ही नावे विकणाऱ्याच्या सोयीसाठी ठेवली गेली. वापरणाऱ्याला जे कळायला हवे, म्हणजे आपल्याजवळ नेमके काय आहे, ते कोणत्या वस्तूच्या मागून आले आणि किती दिवस टिकणार, ते नावातून हळूहळू गळत गेले. याचा तोटा मोठ्या उद्योगांना फारसा होत नाही, कारण त्यांच्या पदरी जाणते नोकर असतात. तो होतो शाळांचा, ग्रामपंचायतींचा, सहकारी पतसंस्थांचा आणि जुना संगणक विकत घेणाऱ्या विद्यार्थ्याचा.

आरंभी असे नव्हते. अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेत केन थॉम्पसन आणि डेनिस रिची यांनी युनिक्स ही कार्यप्रणाली १९६९ पासून घडविली. तिची माहितीपुस्तिका नोव्हेंबर १९७१ मध्ये निघाली आणि पुस्तिकेच्या आवृत्तीवरूनच प्रणालीची आवृत्ती ओळखली जाऊ लागली: पहिली आवृत्ती, दुसरी आवृत्ती, अशी १९७९ च्या सातवीपर्यंत. ग्रंथव्यवहाराशी परिचित असलेल्या वाचकाला यात काहीच नवे वाटणार नाही. पुनर्मुद्रण वेगळे आणि सुधारलेली आवृत्ती वेगळी, हा भेद आपल्याकडील ग्रंथपालही कटाक्षाने पाळतो. युनिक्सच्या या आकड्यांमागे व्यापाराचा हेतू नव्हता, कारण तेव्हा तिचा व्यापारच होत नव्हता.

व्यापार सुरू होताच आकड्याला मालक आला. कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या बर्कले येथील शाखेत युनिक्सचा एक स्वतंत्र वंश वाढत होता. त्याच्या चौथ्या आवृत्तीनंतरच्या आवृत्तीला पाचवी म्हणण्याचा बेत होता. तेव्हा ए.टी. अँड टी. या कंपनीने आपल्या 'सिस्टीम फाइव्ह' या नावाशी ग्राहकांची गल्लत होईल अशी हरकत घेतली. परिणाम असा झाला की बर्कलेची गणती चाराच्या पुढे गेलीच नाही, ४.१, ४.२, ४.३, ४.४ असे अपूर्णांक चढत राहिले. वस्तुतः ४.२ या आवृत्तीने १९८३ मध्ये संगणकांच्या जाळ्याशी जोडणी करण्याची जी सोय आणली, तिचे ऋण पुढील सर्व इंटरनेटवर आहे. पण नावाकडे पाहणाऱ्याला ती ४.१ ची किरकोळ डागडुजी वाटावी!

विंडोजच्या कहाणीत हा प्रकार कळसाला पोचला. १९८५ ते १९९२ या काळात १, २, ३, ३.१ असे साधे आकडे होते. १९९३ साली याच कंपनीने एनटी नावाची मुळापासून नवी कार्यप्रणाली बाजारात आणली, ती पहिलीच असूनही तिला ३.१ हा क्रमांक दिला. थोरल्या भावाची इयत्ता धाकट्याला पहिल्याच दिवशी देऊन टाकली, कारण बाजारात तो मागे दिसायला नको होता. मग १९९५ पासून आकड्यांच्या जागी साले आली. २००० साली तर दोन वस्तू आल्या. विंडोज २००० ही एनटीच्या वंशातील पाचवी, आणि 'मी' या अक्षरांनी ओळखली जाणारी दुसरी ही जुन्या ९५-९८ च्या वंशातील शेवटची. नावावरून पाहिले तर ९८ नंतर २००० हा सरळ वारसा दिसतो. प्रत्यक्षात ती दोन निराळी घराणी. पुढे साल गेले आणि एक्सपी ही अक्षरे आली, मग व्हिस्टा हा शब्द, मग पुन्हा ७, ८, ८.१ हे आकडे आणि नऊ गाळून एकदम १०. नऊ का गाळला याच्या आख्यायिका पुष्कळ आहेत, आणि त्या आख्यायिकाच मानाव्यात हे बरे.

या दर्शनी नावांच्या आड एक अंतर्गत क्रमांक मात्र निमूटपणे चालत असतो. विंडोज २००० चा क्रमांक ५.०, एक्सपीचा ५.१, व्हिस्टाचा ६.०. विंडोज ७ चा अंतर्गत क्रमांक ७ असेल अशी कोणाचीही अपेक्षा असेल, तो ६.१ आहे. विंडोज ८ चा ६.२ आणि ८.१ चा ६.३. विंडोज १० पाशी नाव आणि क्रमांक यांचे एकदाचे जुळले, पण २०२१ साली आलेल्या विंडोज ११ चा अंतर्गत क्रमांक पुन्हा १०.० हाच राहिला; भेद ओळखायचा तो २२००० आणि त्यापुढील बांधणी-क्रमांकावरून. शके १५९६ आणि इसवी सन १६७४ ही एकाच वर्षाची दोन नावे आहेत, हे मराठी शाळकरी मुलालाही सांगावे लागत नाही. पंचांगात दोन्ही गणना शेजारीशेजारी छापलेल्या असतात आणि त्यांतील ७८ वर्षांचे अंतर ठरलेले असते. येथे अंतराला नियम नाही आणि पंचांगही विक्रेत्याने कपाटात ठेवलेले.

विंडोज ७ ला ६.१ हा क्रमांक का दिला, याचे कारण कंपनीने तेव्हाच सांगितले होते आणि ते उद्बोधक आहे. असंख्य आज्ञावली सुरू होताना पहिला आकडा तपासतात. तो ओळखीचा नसेल तर चालण्यास नकार देतात. त्यांची मोडतोड टाळायची तर पहिला आकडा जपून ठेवणे भाग होते. याची पुढची पायरी अशी की विंडोज ८.१ पासून कार्यप्रणाली चक्क खोटे सांगू लागली: नव्या आवृत्तीसाठी आपण तयार आहोत असे जी आज्ञावली स्वतः जाहीर करीत नाही, तिने विचारल्यास तिला ६.२ हेच उत्तर मिळते. अ‍ॅपलने २०२० साली मॅकच्या प्रणालीला वीस वर्षांच्या दहाच्या मालिकेतून काढून ११ हा क्रमांक दिला, तेव्हा तीही जुन्या आज्ञावलींना आपण १०.१६ आहोत असे सांगत होती. लिनक्सचा गाभा, ज्याला कर्नल म्हणतात, तो २०११ मध्ये २.६.३९ वरून ३.० झाला, आणि त्यातही जुन्या आज्ञावलींच्या समाधानासाठी २.६.४० असे उत्तर देण्याची सोय ठेवावी लागली. दुकानाच्या पाटीसाठी निवडलेला आकडा यंत्राच्या व्यवहारात शिरला की यंत्रालाही असा दुटप्पीपणा करावा लागतो.

टेबलावरचा संगणक आणि सर्व्हर यांच्यासाठीच्या आवृत्त्यांमधील भेद हा या विषयाचा अधिक गंभीर भाग आहे, कारण तेथे नावाबरोबर पैशाचा प्रश्न येतो. सर्व्हर म्हणजे अनेकांची सेवा करणारा संगणक: कचेरीतील फायली सांभाळणारा, टपाल पोचविणारा, लेखा ठेवणारा. त्याच्यासाठी निराळी कार्यप्रणाली लागते, असा सर्वसाधारण समज आहे. १९९६ साली एनटीची चौथी आवृत्ती 'वर्कस्टेशन' आणि 'सर्व्हर' अशा दोन नावांनी विकली जात होती आणि सर्व्हरची किंमत दुपटीहून अधिक होती. वर्कस्टेशनशी दहा मिनिटांच्या अवधीत दहाहून अधिक यंत्रांना जोडणी करता येऊ नये, असे बंधन तिच्या चाचणी-आवृत्तीत घातले गेले. त्यावर गदारोळ झाला, तेव्हा ते बंधन आज्ञावलीतून निघाले, परंतु परवान्याच्या अटींत राहिले. वर्कस्टेशन या कामास तांत्रिक दृष्ट्या योग्यच नाही, असे समर्थन केले गेले. अँड्र्यू शुलमन आणि मार्क रुसिनोविच या दोन अभ्यासकांनी त्याच वर्षी दाखवून दिले की दोहोंचा गाभा एकच आहे. प्रणालीच्या अंतर्गत नोंदवहीतील एकदोन मूल्ये बदलली की वर्कस्टेशन स्वतःला सर्व्हर समजू लागते.

कंपनीची बाजूही येथे नमूद केली पाहिजे. त्या मूल्यांवरून प्रणाली स्मृतीचे वाटप आणि कामाचा प्राधान्यक्रम निराळा ठरविते, सर्व्हरबरोबर जास्तीच्या सोयी येतात, आणि हे सारे खरे आहे. आजही विंडोज ७ आणि तिच्या जोडीची सर्व्हर-आवृत्ती यांचा अंतर्गत क्रमांक ६.१ हा एकच आहे. कोण कोणता, हे एका वेगळ्या खुणेवरून ठरते. एकाच गिरणीतील धान्य दोन पिशव्यांत भरून दोन दरांनी विकण्यात बेकायदा काही नाही. मात्र पिशवीवर 'हे धान्य वेगळ्या शेतातले' असे छापले जाऊ नये, एवढी अपेक्षा ग्राहकाने का ठेवू नये?

आणि जेथे शेत खरोखरच वेगळे होते तेथे ते छापलेच गेले नाही. सर्व्हर २००३ नंतर तिचीच 'आर टू' या शेपटाची आवृत्ती निघाली. तिचा गाभा जुनाच होता, सोबत जास्तीच्या सोयींची दुसरी तबकडी होती. त्या अनुभवावरून सर्व्हर २००८ ची 'आर टू' मागविणाऱ्याची समजूत काय होणार? तीही किरकोळ सुधारणाच असेल, अशी. प्रत्यक्षात ती विंडोज ७ च्या गाभ्यावर उभी असलेली नवी प्रणाली होती आणि ३२-बिट यंत्रांवर चालतच नव्हती. एकच शेपूट, एका ठिकाणी परिशिष्ट आणि दुसऱ्या ठिकाणी नवा ग्रंथ. अ‍ॅपलने हा प्रश्न निराळ्या प्रकारे सोडविला: १९९९ पासून स्वतंत्र प्रणाली म्हणून विकलेला मॅकचा सर्व्हर २०११ मध्ये सामान्य प्रणालीवर चढविण्याची एक आज्ञावली झाला आणि २०२२ मध्ये ती आज्ञावलीही बंद झाली.

विंडोज १० च्या काळात वर्ष-महिन्यांचे आकडे आले, तेव्हा सुधारणा होईल असे वाटले होते. १७०९ म्हणजे २०१७ चा सप्टेंबर, हे समजण्यासारखे आहे. पण त्याच आवृत्तीला अमेरिकी शरद ऋतूचे नावही जोडले गेले, ब्रिटनमध्ये त्याच ऋतूसाठी दुसरा शब्द वापरावा लागला आणि दक्षिण गोलार्धात तर तेव्हा वसंत होता. २०२० च्या आवृत्तीला पद्धतीप्रमाणे २००३ म्हणावे तर ते जुन्या सर्व्हरचे नाव. म्हणून २००४ हा आकडा घेतला. तो वाचून कोणीही सोळा वर्षांपूर्वीचीच वस्तू समजेल. हा घोळ लक्षात आला असावा. त्याच वर्षी दुसऱ्या सहामाहीपासून 'एच टू' अशी अक्षरे घालून ती पद्धत बदलण्यात आली.

यावर असे म्हटले जाईल की माणसाला आकडे लक्षात राहत नाहीत, नावे राहतात. हे म्हणणे खोडून काढण्यासारखे नाही. सातबारा हे गावनमुन्यांच्या क्रमांकांचेच नाव, पण ते शेतकऱ्याच्या तोंडी बसले ते दोन पिढ्यांच्या वापराने. डेबियन ही लिनक्सवर आधारलेली प्रणाली आपल्या आवृत्त्यांना एका खेळण्यांच्या चित्रपटातील पात्रांची नावे देते आणि क्रमांकही देते. मुख्यालय पुण्यात असलेल्या सी-डॅक या संस्थेने डेबियनच्याच पायावर २००७ पासून 'बॉस' ही भारतीय प्रणाली दिली. तिच्या आवृत्त्यांना दृष्टी, उन्नती, ऊर्जा, प्रज्ञा अशी गोड नावे आहेत. उन्नती आधी की ऊर्जा आधी, हे मात्र नावावरून कोणाला सांगता येईल? सोबतचा क्रमांक टिपून ठेवला तरच निभावते. क्रमांकही नेहमी बोलका असतो असे नाही. लिनक्सच्या गाभ्याचे जनक लिनस टोरवाल्ड्स यांनी ३.०, ४.० किंवा ५.० या बदलांत काही विशेष अर्थ नाही, हे प्रत्येक वेळी मोकळेपणाने सांगितले आहे. निदान तेथे ग्राहकाची दिशाभूल नाही. अ‍ॅपलने मात्र सप्टेंबर २०२५ मध्ये १५ वरून एकदम २६ वर उडी घेतली. दिवाळीत पुढील सालची दिनदर्शिका विकावी तसा हा प्रकार.

त्यातल्या त्यात सरळ रीत उबुंटू या प्रणालीची. तिचा क्रमांक म्हणजे जन्माचे वर्ष आणि महिना. ऑक्टोबर २००४ ची ती ४.१०. २००६ च्या एप्रिलमध्ये येणारी आवृत्ती सहा आठवडे लांबली, तेव्हा तिला ६.०४ न म्हणता ६.०६ म्हणण्याचा प्रामाणिकपणा दाखविला गेला. टेबलावरचा संगणक आणि सर्व्हर या दोहोंचा क्रमांक तेथे एकच असतो. परंतु जन्मतिथी सांगणारा आकडा आयुर्मर्यादा सांगत नाही. त्याच ६.०६ ला डेस्कटॉपवर तीन वर्षे आणि सर्व्हरवर पाच वर्षे दुरुस्त्या मिळणार होत्या. हा पंक्तिप्रपंच २०१२ मध्ये संपला आणि दोहोंना पाच वर्षे मिळू लागली.

दिलेला शब्दही पाळला जातोच असे नाही. सेंटओएस ही विनामूल्य प्रणाली जगभरच्या विद्यापीठांत आणि संशोधनसंस्थांत सर्व्हरसाठी वापरली जात असे. २०१९ मध्ये आलेल्या तिच्या आठव्या आवृत्तीची मुदत २०२९ पर्यंत अपेक्षित होती. डिसेंबर २०२० मध्ये जाहीर झाले की ती ३१ डिसेंबर २०२१ रोजीच संपेल. जुनी सातवी आवृत्ती मात्र ठरल्याप्रमाणे जून २०२४ पर्यंत जगली. ज्यांनी विश्वासाने नवी घेतली ते आधी उघड्यावर पडले. सेंटओएस हे नाव पुढे 'स्ट्रीम' हा शब्द जोडून चालू राहिले, पण त्या नावाखालची वस्तू पूर्वीची नव्हती.

नावावर विसंबण्याची किंमत काय असते हे २०१७ च्या मे महिन्यात दिसले. वॉनाक्राय या खंडणीखोर आज्ञावलीने इंग्लंडमधील सुमारे एक तृतीयांश सरकारी आरोग्य-न्यासांचे काम विस्कळीत केले. रुग्णांच्या भेटी आणि शस्त्रक्रिया रद्द झाल्या. त्या वेळी सगळा दोष जुन्या एक्सपीवर टाकण्यात आला. चौकशीत आढळले ते वेगळेच: तेथील बाधित यंत्रांपैकी बहुसंख्य विंडोज ७ ची होती आणि त्या आवृत्तीसाठीची दुरुस्ती दोन महिने आधी, मार्चमध्ये, प्रसिद्ध झालेली होती. 'आमच्याकडे विंडोज ७ आहे' हे उत्तर खरे असून निरुपयोगी होते. तिच्यावर कोणत्या तारखेपर्यंतच्या दुरुस्त्या चढविल्या आहेत, एवढाच प्रश्न महत्त्वाचा होता आणि तोच कोणी विचारला नव्हता.

म्हणून आपल्या शाळांत आणि कचेऱ्यांत डेडस्टॉक रजिस्टरमध्ये 'संगणक, विंडोजसह, नग दहा' अशी जी नोंद केली जाते, तिला फारसा अर्थ उरत नाही. बाकाचे वर्णन तसे चालते. बाक दुरुस्तीविना वीस वर्षे उभा राहतो. संगणकासाठी त्या रजिस्टरात आवृत्तीचे पूर्ण नाव, बांधणी-क्रमांक आणि दुरुस्त्यांची अंतिम तारीख असे आणखी तीन रकाने आखावे लागतील आणि ते वर्षातून एकदा तरी तपासावे लागतील. निविदेत 'विंडोज किंवा तत्सम' असे मोघम लिहून भागणार नाही. पुरवठ्याच्या दिवसापासून किमान इतकी वर्षे दुरुस्त्या मिळाल्या पाहिजेत, अशी अट घालावी लागेल. एखाद्या ग्रामपंचायतीने स्वस्तात मिळाली म्हणून घेतलेली आवृत्ती दुसऱ्याच वर्षी निराधार झाली, तर नव्या खरेदीचा बोजा पुन्हा करदात्यावरच पडतो.

परंतु सगळी जबाबदारी कारकुनावर आणि शिक्षकावर ढकलणे न्याय्य नाही. औषधाच्या पट्टीवर, दुधाच्या पिशवीवर अंतिम तारीख छापण्याची सक्ती उत्पादकावर आहे. ती तारीख शोधून काढण्याचे काम रोग्यावर सोपविलेले नाही. कार्यप्रणालीच्या बाबतीत ही तारीख कंपनीच्या संकेतस्थळावरील कोष्टकांत असते, आणि ती वाचायला आधी आपली आवृत्ती कोणती हे अचूक ठाऊक असावे लागते. सरकार हे या देशातील संगणकांचे फार मोठे ग्राहक आहे. केंद्राने आणि राज्याने आपल्या खरेदीपुरती जरी अशी अट घातली की विकलेल्या प्रत्येक प्रतीने आपली अंतिम तारीख स्वतः पडद्यावर दाखवावी, तरी विक्रेत्यांना ती सोय सर्वांसाठी करणे जड जाऊ नये.

आज परिस्थिती अशी आहे की विंडोजची खूण असलेली कळ आणि 'आर' ही कळ एकत्र दाबून 'विनव्हर' ही आज्ञा दिली की एक लहानशी चौकट उघडते. तीत वरच्या बाजूला मोठ्या अक्षरांत प्रणालीचे नाव असते. त्याखाली बारीक अक्षरांत आवृत्ती आणि बांधणी-क्रमांक, उदाहरणार्थ २२एच२ आणि १९०४५. त्याच्याही खाली हक्क कोणाचे राखीव आहेत आणि परवाना कोणाच्या नावे आहे, ते लिहिलेले असते. मुदत कधी संपते, ती ओळ तेथे नाही.